दिवसाच्या दरावर उभं राहिलेलं करिअर: एका डच दिग्दर्शकाचं प्रकरण

नेदरलँड्समधले एक दिग्दर्शक. साठीला टेकलेले. पहिली वीसेक वर्षं टीव्हीच्या जाहिराती केल्या, त्यानंतर कंपन्यांच्या फिल्म. २०२४ च्या सप्टेंबरात त्यांच्या सगळ्यात मोठ्या ग्राहकाचा ईमेल आला. १ जानेवारी २०२५ पासून आम्ही एकट्याने काम करणाऱ्या स्वतंत्र व्यावसायिकांना थेट काम देणार नाही, पुढचं आमच्या खरेदी विभागाशी बोलावं, असा त्याचा मथितार्थ. या ग्राहकाकडून त्यांचं जवळपास तीन-चतुर्थांश उत्पन्न येत होतं.

माझी त्यांची ओळख तळेगावची. तिथल्या फुलशेतीच्या पार्कात गुलाबाच्या एका शेडवर त्यांना थोडं शूटिंग करायचं होतं; परवानग्या, गाड्या, माणसं ही इथली जुळवाजुळव माझ्याकडे होती. पुढे संपर्क राहिला. त्यांच्या संमतीने, ओळख लागेल असे तपशील बदलून आणि रकमा गोल करून हे लिहिते आहे. यातला कायदा डच आहे, तो आपल्याकडे लागू नाही. पण पुण्या-मुंबईतल्या कितीतरी कॉर्पोरेट फिल्मवाल्यांचं घर एकाच कंपनीच्या कम्युनिकेशन विभागावर चालतं, म्हणून हे प्रकरण निवडलं.

पार्श्वभूमी

नेदरलँड्समध्ये टीव्हीवर जाहिरात आली तीच उशिरा. सार्वजनिक वाहिन्यांवरची जाहिरातीची वेळ विकणारी ‘स्टेर’ ही संस्था १९६५ ची. पहिली जाहिरात दिसली २ जानेवारी १९६७ ला. पुढची वीस-बावीस वर्षं टीव्हीवर जाहिरात म्हणजे स्टेर एवढाच मामला होता. दोन जाहिरातींच्या मधल्या काही सेकंदांत धडपडणारा लोकी नावाचा बाहुला-सिंह १९७२ मध्ये आला आणि तीस वर्षांहून जास्त काळ टिकला. जाहिरातीपेक्षा सिंहाची वाट बघणारी एक पिढी तिथे मोठी झाली. आपले दिग्दर्शक त्यातलेच.

ऑक्टोबर १९८९ मध्ये लक्झेंबर्गमधून आरटीएल-वेरोनिक ही खासगी वाहिनी डच प्रेक्षकांसाठी सुरू झाली आणि चित्र पालटलं. जाहिरातीची जागा वाढली, ती भरायला माणसं कमी पडू लागली. हे गृहस्थ त्याच सुमारास ॲमस्टरडॅमच्या फिल्म अकादमीतून बाहेर पडलेले. एका निर्मितीसंस्थेत सहायक म्हणून शिरले आणि तीन-चार वर्षांत स्वतःच्या जाहिराती करू लागले: विमा, कॉफी, सुपरमार्केट. ३५ मिलिमीटरवर शूटिंग, तीस सेकंदांसाठी दोन दिवस, युनिटमध्ये चाळीस माणसं. त्यांच्या शोरीलमधली, म्हणजे निवडक कामांच्या नमुना-फिल्ममधली, एक जाहिरात मी पाहिली आहे. पावसात सायकलवर बसलेले आजोबा आणि मागे नात, एकही संवाद नाही. आजही ती जुनी वाटत नाही.

तिथली कामाची पद्धत आपल्या ॲड फिल्मवाल्यांना नवी नाही. एजन्सी ब्रीफ काढते आणि ते दोन-तीन दिग्दर्शकांकडे जातं. प्रत्येक जण ट्रीटमेंट, म्हणजे जाहिरात कशी करणार याचं टिपण, लिहितो, चित्रं जोडतो, एकाला काम मिळतं. बाकीच्यांचे आठ-दहा दिवस बहुतेक वेळा फुकट जातात. दिग्दर्शकाला शूटिंगच्या दिवसाप्रमाणे पैसे. तयारीचे दिवस वेगळे धरले तर धरले. भरपूर काम असतं तेव्हा हे चालून जातं. २००८ च्या आर्थिक संकटानंतर बजेटं आटली, जाहिरातीचा पैसा इंटरनेटकडे वळला आणि तीनऐवजी पाच-पाच जणांकडून ट्रीटमेंट मागवली जाऊ लागली. २०१० च्या आसपास एका वर्षात त्यांनी लिहिलेल्या ट्रीटमेंटपैकी फक्त एक काम झालं.

तेव्हा ते कंपन्यांच्या फिल्मकडे वळले. यात त्यांना कमीपणा वाटला नाही, कारण त्यांच्याकडे या कामाची परंपरा मोठी आहे. माहितीपटकार योरिस इव्हेन्स यांनी १९३१ मध्ये फिलिप्सच्या कारखान्यात केलेली फिल्म कंपनीनेच करून घेतलेली होती. दिग्दर्शक बर्ट हान्स्ट्रा लेर्डामच्या काचकारखान्याची फिल्म करायला गेले आणि त्याच भट्ट्यांवर ‘ग्लास’ हा स्वतःचा लघुपटही करून आले. त्याला पुढे ऑस्कर मिळालं. कंपनीचं काम करता करता आपलंही काहीतरी होईल, ही आशा डच दिग्दर्शकांच्या मनात तिथून कायमची बसली आहे. या प्रकरणात एकदा तिने घोळही केला.

एक ग्राहक कसा वाढत गेला

ग्राहक कंपनी वेस्टलँडची. रॉटरडॅम आणि हेगच्या मधला हा पट्टा म्हणजे मैलोगणती काचेचं छप्पर. कंपनी हरितगृहातलं तापमान, दमटपणा, पाणी, दिवे सांभाळणारी यंत्रणा बनवते. २०१३ मध्ये तिने एक फिल्म करून घेतली, मग दुसरी, मग वर्षाला बारा-पंधरा.

हे काम बाहेरून दिसतं तितकं सोपं नाही. टोमॅटोच्या हरितगृहात लाल-निळे एलईडी दिवे लावलेले असतात. त्या उजेडात पानं काळी दिसतात, माणसाची कातडी दुकानातल्या पुतळ्यासारखी, आणि कॅमेऱ्याचा व्हाइट बॅलन्स, म्हणजे पांढरं पांढरंच दिसावं याची जुळणी, काही केल्या जागेवर येत नाही. दिवे मंद केले की चित्रात आडवे पट्टे धावतात. दिवे बंद करावेत तर बागायतदार तयार नसतो, त्याचं वेळापत्रक ठरलेलं असतं. २०१९ मध्ये टोमॅटोवरचा रुगोज विषाणू नेदरलँड्समध्ये सापडला, तेव्हापासून बाहेरच्या माणसाला आत घ्यायलाच लोक कचरू लागले. अंगावर कोट, बुटांवर पिशव्या, हातांना जंतुनाशक. आमच्या या दिग्दर्शकांनी तर तिवईचे पाय आणि केबलसुद्धा पुसून दाखवायचे आणि आधीच्या काही दिवसांत दुसऱ्या कुठल्या टोमॅटोच्या शेडमध्ये पाऊल टाकलेलं नाही, हे लिहून द्यायचे. म्हणून एक बागायतदार पहाटे अर्धा तास दिवे बंद ठेवायला राजी झाला. त्या अर्ध्या तासात पांढऱ्या उजेडात घेतलेले शॉट कंपनीने पुढे अनेक वर्षं वापरले.

हा विश्वास हीच त्यांची खरी कमाई होती असं माझं मत आहे. पण तो शोरीलमध्ये दाखवता येत नाही. त्यात भर अशी की निम्म्याहून जास्त फिल्म कंपनीच्या आतल्या वापरासाठी होत्या: प्रशिक्षण, विक्रेत्यांच्या बैठका, गुंतवणूकदारांपुढची सादरीकरणं. गोपनीयतेच्या करारामुळे त्या बाहेर दाखवायला मनाई. दहा वर्षं भरपूर काम केलं आणि दाखवायला हातात जवळजवळ काही नाही.

दरम्यान त्यांना कंपनीचं प्रवेश-कार्ड मिळालं. मग कंपनीच्या नावाचा ईमेल पत्ता, कारण मोठ्या फाइल पाठवायला ते सोयीचं पडायचं. मग कम्युनिकेशन विभागात एक टेबल. सोमवारच्या बैठकीला ते जाऊ लागले. सुट्टीवर जायचं तर विभागप्रमुख बाईंना आधी सांगू लागले. बिल मात्र दिवसाच्या दराने, स्वतःच्या नावाने, वर २१ टक्के व्हॅट लावून.

अडचण

नेदरलँड्समध्ये अशा एकट्या व्यावसायिकाला झेडझेडपी म्हणतात. पूर्वी त्याच्याकडे कर खात्याचं एक प्रमाणपत्र असायचं. ते दाखवलं की काम देणारी कंपनी निर्धास्त. १ मे २०१६ ला ते रद्द झालं आणि डीबीए कायदा आला. नाव ‘स्वतंत्र व्यावसायिक’ असलं तरी संबंध मालक-नोकराचा निघाला, तर पगारावरचा कर आणि विम्याचे हप्ते कंपनीकडून वसूल होणार, असा त्याचा रोख. गोंधळ इतका माजला की सरकारने अंमलबजावणी जवळजवळ थांबवून ठेवली. ती स्थगिती १ जानेवारी २०२५ ला उठली. पहिल्या वर्षी दंड लावणार नाही असं सांगितलं गेलं, पण थकबाकीची आकारणी होऊ शकत होती. मोठ्या कंपन्यांच्या कायदा विभागांनी झेडझेडपींची यादी काढून सरसकट फुली मारायला सुरुवात केली.

मधल्या काळात न्यायालयानेही दिशा दाखवली होती. घरपोच जेवण पोचवणाऱ्या डिलिव्हरू कंपनीच्या खटल्यात डच सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये सांगितलं की सगळी परिस्थिती एकत्र बघा: काम कोण ठरवतं, माणूस संस्थेत किती मुरलेला आहे, बदली माणूस पाठवता येतो का, मोबदला कसा ठरतो, धंद्यातली जोखीम कोण घेतं. दिग्दर्शकांच्या वकिलीणबाईंनी हीच यादी त्यांच्यापुढे ठेवली. कार्ड, ईमेल, टेबल, सोमवारची बैठक, दिवसाचा दर. यादी संपेपर्यंत दोघांच्याही लक्षात आलं की कंपनीच्या कायदा विभागाची भीती काही उगाच नव्हती.

त्यांना राग कायद्याचा आला होता. मला वाटतं कायद्याने फक्त आरसा दाखवला. स्वतंत्र माणसाने हळूहळू नोकरीच पत्करली होती. नोकरीतलं संरक्षण तेवढं घेतलं नव्हतं.

धोक्याची घंटा आधीही वाजली होती. २०२० च्या मार्चमध्ये कोरोनामुळे शूटिंग थांबलं, तेव्हा ग्राहकाने एका फोनवर तीन महिन्यांची कामं पुढे ढकलली. स्वतंत्र व्यावसायिकांसाठी सरकारने आणलेल्या टोझो योजनेतून त्यांना घरखर्चाची मदत मिळाली, पण जूनपासून जोडीदाराचं उत्पन्नही मोजू लागले आणि पत्नी शिक्षिका असल्यामुळे ती बंद झाली. उन्हाळ्यात काम परत सुरू झालं. त्यांनी ही गोष्ट मागे टाकली.

समोरचे पर्याय

कंपनीच्या खरेदी विभागाने सुचवलेला मार्ग सगळ्यात सरळ दिसत होता. मध्यस्थ संस्थेच्या पगारपत्रकावर या. ती संस्था तुम्हाला आमच्याकडे पाठवेल, काम तेच, टेबल तेच. दरातून संस्थेचं कमिशन आणि मालकाचे हप्ते वजा होऊन हातात बरंच कमी येणार, हे त्यांना दिसलं. दुसरी गोष्ट वकिलीणबाईंनी दाखवली. डच कॉपीराइट कायद्यात कलम ७ आहे: नोकर म्हणून नेमून दिलेलं काम केलं, तर वेगळं ठरलं नसल्यास त्याचा कर्ता म्हणून मालकाला धरतात. म्हणजे पगारपत्रकावर गेलं की नव्या फुटेजवरचा हक्कही गेला.

दुसरा पर्याय रीतसर नोकरीचा. विभागप्रमुख बाईंनी तो मनापासून मांडला, त्या या माणसाला गमवायला तयार नव्हत्या. पगार ठीक होता आणि कंपनीची पेन्शन होती. हा मुद्दा साधा नाही. सरकारी वृद्धापकाळ पेन्शन तिथे ६७ व्या वर्षी सुरू होते, ती सगळ्यांना मिळते. पण नोकरदाराची त्यावरची जी दुसरी पेन्शन असते, ती झेडझेडपीला नसते. यांनी स्वतःहून बाजूला टाकलेली रक्कम तुटपुंजी होती. आजारपणासाठी ते ब्रोडफोन्ड्समध्ये होते, म्हणजे काही स्वतंत्र व्यावसायिक मिळून दरमहा पैसे साठवतात आणि कुणी आजारी पडला तर बाकीचे त्याला ठरावीक काळ देतात. अपंगत्वाचा रीतसर विमा महाग म्हणून घेतला नव्हता. पत्नीचं मत स्पष्ट होतं: नोकरी घ्या, सात-आठ वर्षं राहिली आहेत.

तिसरा पर्याय जाहिरातीकडे परत जाण्याचा. तो एका दुपारीच निकालात निघाला. त्यांच्या जुन्या निर्मितीसंस्थेतल्या निर्मातीने शोरील पाहिली आणि प्रेमाने विचारलं, ‘यातलं गेल्या दहा वर्षांतलं काय आहे?’

चौथा, स्वतःची बीव्ही, म्हणजे खासगी मर्यादित कंपनी, काढायची. एकट्याने नाही, वर्षानुवर्षं बरोबर काम केलेल्या संकलकाला आणि एका तरुण निर्मातीला भागीदार करून घ्यायचं. दिवस विकायचे नाहीत, पूर्ण फिल्म ठरावीक किमतीला विकायची. बीव्हीसाठी २०१२ पासून किमान भांडवलाची अट राहिलेली नाही, नोटरीकडे जावं लागतं. पण मालकाने स्वतःला रास्त पगार दिलाच पाहिजे असा नियम आहे आणि त्याची सर्वसाधारण रक्कम २०२५ साठी ५६,००० युरो होती. काम येवो न येवो, हा खर्च मानगुटीवर.

एकट्याने राहून छोटे ग्राहक शोधायचे, हाही विचार झाला. त्यातला करसवलतीचा ओलावा मात्र आटत चालला होता: वर्षाला किमान १,२२५ तास धंद्याला देणाऱ्या स्वतंत्र व्यावसायिकाला मिळणारी वजावट २०१९ मध्ये ७,२८० युरो होती, २०२५ साठी ती २,४७० वर आली.

जुन्या कागदाची गोष्ट

निर्णय झाला तो एका अनपेक्षित कागदामुळे. वकिलीणबाईंनी सगळी जुनी कोटेशनं मागवली. २०१३ च्या पहिल्या कोटेशनखाली जाहिरातीच्या दिवसांपासून चालत आलेलं एक वाक्य होतं: तयार फिल्म ग्राहकाला वापरता येईल, रशेस (शूटिंगचं न कापलेलं मूळ चित्रीकरण) आणि त्यांवरचे हक्क दिग्दर्शकाकडे राहतील. पुढच्या प्रत्येक कोटेशनमध्ये ते तसंच उतरत आलं होतं. कुणी वाचतही नव्हतं. उलट कंपनीच्या प्रत्येक खरेदी-आदेशामागे बारीक अक्षरात छापलं होतं की सर्व बौद्धिक संपदा कंपनीची.

दोन्हीकडच्या छापील अटी भिडल्या तर काय? डच नागरी संहितेचं उत्तर मोठं गंमतीचं आहे. प्रस्तावात आणि स्वीकृतीत वेगवेगळ्या अटींचा उल्लेख असेल, तर ज्याने आधी उल्लेख केला त्याच्या अटी लागू. दुसऱ्याने त्या स्पष्ट शब्दांत नाकारल्या असतील तरच चित्र बदलतं. आणि कॉपीराइटचं हस्तांतर सही केलेल्या लेखाशिवाय होतच नाही. असा लेख अकरा वर्षांत एकदाही झाला नव्हता. वकिलीणबाईंचं मत पडलं की रशेसवर दिग्दर्शकाचा दावा भक्कम आहे.

नेमकं तेव्हाच कंपनी वर्धापनदिनाच्या मोठ्या फिल्मची तयारी करत होती. त्यात जुनी दृश्यं लागणार होती: पहाटेच्या अर्ध्या तासाची, आता पाडून टाकलेल्या शेडची, निवृत्त झालेल्या माणसांची. ती सगळी दिग्दर्शकांच्या पोटमाळ्यावर, वर्षांची लेबलं लावलेल्या हार्ड डिस्कवर होती.

इथे दोन रस्ते फुटत होते. वकिलाची नोटीस पाठवायची, की समोर बसून बोलायचं. वकिलीणबाई नोटिशीच्या बाजूने होत्या. लेखी दाव्याने सौदा लवकर होतो, असं त्यांचं म्हणणं. दिग्दर्शकांनी ते टाळलं. त्यांनी विभागप्रमुख बाईंना कॉफीला बोलावलं, दोन्ही कागद टेबलावर शेजारीशेजारी ठेवले आणि म्हणाले, ‘हे भांडायला आणलेलं नाही. तुमच्या वकिलांना दाखवा, मग बोलू.’

मला हा या प्रकरणातला सगळ्यात चांगला निर्णय वाटतो, आणि तो सभ्यपणामुळे नव्हे. नोटीस गेली असती तर विषय बाईंच्या हातातून कायदा विभागाकडे गेला असता आणि त्या विभागाला पहाटेच्या त्या शॉटची किंमत कळण्याचं काही कारण नव्हतं. ज्या व्यक्तीला फिल्म हवी होती, तिच्याच हातात विषय राहिला.

काय केलं

नोव्हेंबरात नोटरीकडे बीव्हीची कागदपत्रं झाली. तीन भागीदार, दिग्दर्शकांचा वाटा निम्म्याहून थोडा जास्त. कंपनीशी नवा चौकट-करार, म्हणजे पुढच्या सगळ्या कामांच्या अटी एकदाच ठरवणारा करार, व्हायला मात्र फेब्रुवारी उजाडला, आणि मधल्या काळात बिल निघालं नाही. हा खड्डा पत्नीच्या पगारावर आणि शिलकीवर निभावला.

करारात काय आलं ते महत्त्वाचं. प्रत्येक फिल्मची किंमत आधी ठरणार. रेकी (जागेची आधीची पाहणी), ट्रीटमेंट, शूटिंग, एडिट यांचे टप्पे वेगळे, आणि ट्रीटमेंटचे पैसे फिल्म झाली नाही तरी मिळणार. दुरुस्तीच्या दोन फेऱ्या. तिसरीपासून वेगळं बिल. दिग्दर्शक कोण, हे बीव्ही ठरवणार. प्रवेश-कार्ड परत, ईमेल बंद. बिल ३० दिवसांत. मोठ्या कंपनीने छोट्या पुरवठादाराला इतक्या मुदतीत पैसे द्यावेत, असा तिथला कायदाच २०२२ पासून आहे. जुन्या फुटेजचा वापर-परवाना पाच वर्षांसाठी, एकरकमी मोबदल्यावर. आणि दोन वर्षं उलटल्यावर आतल्या फिल्ममधले निवडक तुकडे शोरीलमध्ये वापरायची मुभा.

काही गोष्टी मिळाल्या नाहीत. वर्षाला किमान किती फिल्म, याची हमी कंपनीने दिली नाही. नव्या रशेसच्या हक्कावर बराच काळ घासाघीस झाली. शेवटी ठरलं की प्रत्यक्ष फिल्ममध्ये आलेले शॉट कंपनीचे, उरलेले बीव्हीचे, पण कंपनीच्या स्पर्धकाला ते विकायचे नाहीत.

निष्पत्ती

पहिल्या वर्षात या ग्राहकाकडून पाच फिल्म आल्या. पूर्वीच्या बारा-पंधरांच्या मानाने निम्म्याहूनही कमी. बाकीचं काम कंपनीने नव्याने नेमलेल्या दोन तरुणांच्या आतल्या टीमकडे गेलं. ते दोघे फोनवर आणि छोट्या कॅमेऱ्यावर झटपट क्लिप करतात. समाजमाध्यमांसाठी त्या पुरतातही.

जुन्या फुटेजच्या परवान्याच्या रकमेतून वकिलाची फी आणि बीव्हीचा पहिल्या काही महिन्यांचा खर्च निघाला. एका जलव्यवस्थापन मंडळाचं आणि एका रुग्णालयाचं काम मिळालं. दोन्ही सार्वजनिक संस्था, किंमत कमी, पण फिल्म बाहेर दाखवता येतात. तीन-चतुर्थांशावरचं अवलंबन एक-तृतीयांशावर आलं. वर्षाअखेर बीव्हीला नफा असा उरला नाही. भागीदारांचे पगार निघाले, तेवढंच.

तोटे पैशाच्या पलीकडचेही झाले. सोमवारच्या बैठकीला न गेल्यामुळे आत काय शिजतंय ते त्यांना कळेनासं झालं. रात्रीच्या काढणीवर एक फिल्म करायची, हा विषय त्यांनीच कधीतरी तिथे मांडला होता. तो आतल्या टीमने करून टाकला. त्यांनी ती फिल्म पाहिली आणि मला लिहिलं की उजेड चुकला आहे, पण माणसं छान बोलली आहेत.

आणि निर्मातेपण त्यांना जमत नाही. पहिल्याच ठरावीक किमतीच्या फिल्ममध्ये त्यांनी जाहिरातीच्या सवयीने जास्तीचा दिवस शूटिंग केलं आणि त्या फिल्मवर बीव्हीला घाटा झाला. त्यानंतर बजेटची चावी तरुण निर्मातीकडे गेली. आता त्यांना जास्तीचा एक लेन्स हवा असला तरी तिला विचारावं लागतं. वयाने निम्मी असलेल्या बाईला हे विचारताना सुरुवातीला ते अवघडले, मग सरावले.

वेगळं काय करता आलं असतं

नोकरीचा पर्याय इतक्या लवकर बाजूला सारायला नको होता, असं मला वाटतं. त्यांनी तो हान्स्ट्रांच्या आठवणीने नाकारला: नोकर झालो तर आपली फिल्म कधी होणार? पण कलम ७ मध्येच ‘वेगळं ठरलं नसल्यास’ असं आहे. आठवड्याला तीन दिवस नोकरी, रशेसच्या हक्काचा वेगळा करार आणि उरलेल्या दिवसांत स्वतःचं काम, असा प्रस्ताव मांडता आला असता. कंपनीने तो मान्य केला असताच असं नाही. पण विचारलंच गेलं नाही, आणि पेन्शनचा प्रश्न आजही तसाच आहे. पत्नीचा मुद्दा वजनदार होता. चर्चेत त्याला मिळायला हवं होतं तितकं वजन मिळालं नाही.

बदलायची खरी वेळ २०१६ ची होती. कायदा आला, स्थगित झाला, आणि स्थगिती म्हणजे माफी नव्हे हे सगळ्यांना माहीत होतं. तेव्हा ते पन्नाशीत होते, ग्राहकाचा वाटा अजून निम्म्याच्या आत होता आणि दिवसाच्या दरावरून फिल्मच्या किमतीवर जाणं एका वाटाघाटीत झालं असतं. २०२० मध्ये तीन महिने हातावर हात ठेवून बसले होते, तेव्हा शोरीलच्या परवानगीसाठी एक पत्र लिहायला हरकत नव्हती. त्या वेळी कंपनी कुठल्याही मागणीला हो म्हणाली असती. शूटिंग रद्द केल्याचं तिला वाईट वाटत होतं.

ईमेल आल्यावर बीव्हीपर्यंत पोचायला दोन महिने आणि करारापर्यंत पाच महिने लागले, यातला बराचसा वेळ रागात गेला. संकलकाने पहिल्याच आठवड्यात भागीदारीचं सुचवलं होतं.

कोटेशनखालच्या त्या एका वाक्याबद्दल मात्र त्यांना श्रेय देताना मी जरा हात आखडता घेईन. ते विचारपूर्वक जपलेलं नव्हतं, जुन्या फाइलवरून नवी फाइल करताना आपोआप राहिलेलं होतं. कुणी हुशार सहायकाने मधल्या काळात कोटेशन ‘नीटनेटकं’ करून दिलं असतं, तर या प्रकरणाचा शेवट वेगळा झाला असता.

चौकट-करार दोन वर्षांचा आहे. नूतनीकरणाच्या मसुद्यात कंपनीने एक नवं कलम घातलं आहे: फिल्मसाठी रेकॉर्ड केलेले आवाज आणि चेहरे वापरून पुढच्या क्लिप यंत्राने तयार करायची मुभा. बागायतदारांनी संमतीपत्रांवर सह्या केल्या त्या एका फिल्मपुरत्या, त्यांच्या वतीने असा होकार द्यायचा आम्हाला अधिकार नाही, असं निर्मातीने उत्तर पाठवलं आहे. दिग्दर्शकांनी त्याखाली आणखी एक ओळ जोडली: हवं असेल तर आम्ही एकेका बागायतदाराकडे जाऊन विचारू, त्याचे दिवस वेगळे धरावेत.